यंदाची सहल पायी काढा : शहरातल्या मुख्याध्यापकांना खुलं पत्र

प्रति,
मा. मुख्याध्यापक सर आणि मॅडम,
सर्व माध्यमांच्या शाळा, छत्रपती संभाजीनगर.

विषय : आठवीची सहल जुन्या शहरातून पायी काढण्याबाबत.

सस्नेह नमस्कार.

दिवाळीची सुटी संपली की तुमच्या टेबलावर सहलीची फाइल येते. शिक्षणाधिकाऱ्यांची परवानगी, पालकांची संमतीपत्रं, एसटीच्या आगाराला अर्ज, सवलतीचं भाडं, किती मुलांमागं किती शिक्षक याचा हिशेब. विज्ञानाची शिक्षिका म्हणून नोकरीभर मी ही फाइल हाताळली आहे, त्यामुळे ती किती डोकं खाते हे मला सांगायला नको. कागदपत्रांतच इतकी दमछाक होते की ठिकाणाचा विचार करायला कुणाला सवड उरत नाही. मग ठिकाणं ठरलेलीच: कोकणातला समुद्र, नाही तर वॉटर पार्क, नाही तर सकाळी वेरूळ, दुपारी दौलताबाद आणि परत येताना बीबी का मकबऱ्यात 'चला, चला, उशीर होतोय' करत एक धावती फेरी.

वेरूळला नेऊ नका असं मी कशी म्हणेन? कैलास लेण्यासमोर गप्प न झालेलं पोर मी अजून पाहिलेलं नाही. माझं म्हणणं त्याच्या आधीच्या पायरीबद्दल आहे. तुमची बस सिडकोतून निघते, जालना रोडने महावीर चौकात येते, छावणीकडे वळते आणि वेरूळच्या रस्त्याला लागते. या सगळ्या वाटेवर उजव्या हाताला, अगदी थोड्या अंतरावर, चारशे वर्षांचं शहर असतं. त्यात बस शिरत नाही. शिरूही नये, सिटी चौकात अडकून बसेल. तिथं पायीच जावं लागतं. यंदा आठवीच्या मुलांना लांब कुठं न्यायच्या आधी एक सकाळ जुन्या शहरातून चालवा, एवढंच मागणं आहे. वाट दाखवायला आम्ही सोबत येतो.

आम्ही म्हणजे काही निवृत्त मंडळी आणि इतिहासाचे दोन-तीन तरुण विद्यार्थी. हिवाळ्यात रविवारी सकाळी आम्ही लोकांना जुन्या शहरातून फिरवतो. येणारे बहुतेक पुण्या-मुंबईचे, एखादं परदेशी जोडपं, बदलीवर इथं आलेले बँकेतले लोक. गावातलं माणूस क्वचित दिसतं, आणि शाळेच्या गणवेशातलं तर जवळपास नाहीच. गारखेड्यातल्या, सातारा परिसरातल्या मुलांना मी कधी विचारते की भडकल गेटच्या कमानीखाली कोण उभं राहिलंय? दोन-चार हात वर येतात, तेही 'पप्पांच्या गाडीवरून गेलतो' म्हणत. गाडीवरून भडकल गेट दिसत नाही. दिसतो तो पुढच्या रिक्षाचा मागचा भाग. जुन्या शहरातल्या शाळांचंही फार वेगळं नाही, बरं का. दरवाज्याच्या सावलीत सायकल लावणाऱ्या मुलाला तो दरवाजा कुणी बांधला हे कुणी सांगितलेलं नसतं. त्याच्यासाठी तो सायकल स्टँड.

मुलांना घेऊन जायचं तर कुठून कुठं, हे आधी सांगते. पाणचक्कीपासून सुरुवात, मेहमूद दरवाज्यातून खाम नदी ओलांडायची, भडकल गेट, टाऊन हॉल आणि नौखंडा राजवाड्याचा परिसर, तिथून जुन्या वस्तीतून सिटी चौक, मग मछली खडक, गुलमंडी, टिळक पथ आणि पैठण गेट. वळणं धरून तीन-साडेतीन किलोमीटर. सात वाजता निघालं तर थांबत-थांबत साडेनऊ-दहाला संपतं, म्हणजे बाजार उघडायच्या आत. बायकापोरांची गर्दी, हातगाड्या, हॉर्न सुरू व्हायच्या आधी आपण बाहेर.

आणि ही वाट मी दरवाजे मोजायला आखलेली नाही. बावन्न दरवाज्यांचं शहर हे पालुपद प्रत्येक मुलाला पाठ असतं, पण आज उभे असलेले दरवाजे दोन हातांच्या बोटांपेक्षा थोडेच जास्त आहेत. बाकीचे पडले, पाडले गेले, रस्त्यात गेले. मोजत बसलं तर तासाभरात कंटाळा येतो. मी मुलांना पाण्याच्या मागं चालवते.

पाणचक्कीत सगळ्यात आधी पोरांचं लक्ष जातं ते भिंतीवरून हौदात कोसळणाऱ्या पाण्याकडे. इथं पंप नाही, मोटार नाही. मग पाणी एवढ्या उंचीवर आलं कुठून? 'मॅडम, पाणी वर कसं काय चढायलंय?' असं एक तरी पोर विचारतंच, आणि त्या प्रश्नासाठीच मी तिथून सुरुवात करते. उत्तर असं की पाणी काही किलोमीटर लांबच्या डोंगरातल्या झऱ्यातून येतं. तो झरा या भिंतीपेक्षा उंच आहे. जमिनीखालून भाजलेल्या मातीच्या नळांतून ते खाली उतरतं आणि इथं भिंतीतून पुन्हा वर चढतं, कारण बंद नळातलं पाणी आपल्या मूळ पातळीपर्यंत पोचायला बघतं. पुस्तकात आपण हे यू आकाराच्या नळीचं चित्र काढून शिकवतो. इथं तीच नळी काही किलोमीटर लांबीची आहे आणि शतकानुशतकं चालली आहे. वरून पडणाऱ्या पाण्याच्या जोरावर खालचं आडवं लोखंडी पात्यांचं चाक फिरायचं, चाकावर जातं, आणि जात्यात बाबा शाह मुसाफिर यांच्या दर्ग्याला येणाऱ्या यात्रेकरूंसाठी, गोरगरिबांसाठी पीठ. हौदाखाली एक मोठं दालन आहे. त्याचं छत म्हणजे हौदाचा तळ. मे महिन्यात तिथं उतरून बघा, बाहेरच्या उन्हाचा पत्ता लागत नाही. उष्णतेचं वहन शिकवायला मला याहून चांगली प्रयोगशाळा या जिल्ह्यात सापडलेली नाही.

पाणचक्कीची नहर, म्हणजे जमिनीखालून पाणी आणणारा मार्ग, वेगळी. तिच्या आधी शहराची तहान भागवणारी मोठी योजना होती ती नहर-ए-अंबरी, मलिक अंबरने सतराव्या शतकाच्या सुरुवातीला केलेली. १६१० साली त्याने खडकी नावाच्या गावाजागी आपलं शहर वसवलं. नाव खडकी, जमीनही तशीच. मोठी नदी नाही, खाम म्हणजे पावसाळी ओढ्याहून थोडी बरी. अशा जागी राजधानी करायची तर पाणी आणायला हवं. शहराच्या उत्तरेच्या डोंगरपट्ट्यात जमिनीत मुरलेलं पाणी भुयारी दगडी मार्गात गोळा करायचं, उताराने शहराकडे आणायचं, वाटेत साफसफाईसाठी उभी तोंडं ठेवायची, शहरात मातीच्या नळांनी आणि दगड-विटांच्या उंच खांबांमधून ते वाटायचं. खांब शोभेचे नव्हते. पाणी खांबात चढलं की त्यात अडकलेली हवा सुटते, दाब कमी होतो आणि नळ फुटत नाहीत. यातलं काहीच डोळ्यांना एकदम दिसत नाही. कुठं झाकलेलं तोंड, कुठं घराच्या भिंतीत अर्धा गिळला गेलेला खांब, कुठं कारंज्याचं नाव लावणारा मोहल्ला आणि कारंजाच नाही. शोधावं लागतं. आठवीच्या पोरांना शोधायला सांगा आणि बाजूला उभे राहा.

इथंच एक जुनी अफवाही निकालात निघते. या शहरातल्या प्रत्येक पोराला ठाऊक असतं की किल्ले अर्कातून थेट दौलताबादला भुयार आहे, घोडेस्वार जाईल एवढं. 'मॅडम, भुयार दाखवा ना!' हा हट्ट ठरलेला. मी सांगते, भुयारं खरंच आहेत, तुमच्या पायाखालीच आहेत, पण त्यातून घोडे नाही, पाणी जायचं. थोडी निराशा होते. मग एखादा हुशार विचारतो, 'मग आपल्या नळाला पाणी का येईना?'

हा प्रश्न टाळू नका. वर्गात टाळला जातो. आपल्याकडे नळाला पाणी कित्येक दिवसांआड येतं हे मुलांना कुणी शिकवावं लागत नाही. ते घरातली टिपाडं भरतातच. मी त्यांना भिंतीवर खडूने गणित घालते. नाथसागर, म्हणजे आपलं जायकवाडी धरण, पूर्ण भरला की पातळी १५२२ फूट, हा आकडा वर्तमानपत्रामुळे प्रत्येक घरात पाठ आहे. मीटर करा : सुमारे ४६४. आपलं शहर समुद्रसपाटीपासून साधारण ५६८ मीटरवर. म्हणजे धरण काठोकाठ भरलेलं असलं तरी प्रत्येक थेंब शंभर मीटरहून जास्त वर चढवून, पन्नासेक किलोमीटर ढकलत आणावा लागतो, आणि त्यासाठी चोवीस तास पंप आणि वीज. अंबरच्या माणसांनी पाणी उतारावरून आणलं, आपण चढावरून आणतो. यात लगेच 'जुनं ते सोनं' म्हणायला मी तयार नाही. अंबरच्या शहराची वस्ती आजच्या तुलनेत मूठभर होती, आणि लाखो लोकांना डोंगरातले झरे पुरणार नाहीत. पण पंप बंद पडला की अख्खं शहर कोरडं का पडतं, हे तेराव्या वर्षी ज्याला कळलं तो पुढं नगरसेवकाला नीट प्रश्न विचारेल. नागरिकशास्त्राचा तास वेगळा घ्यायची गरज नाही.

खाम ओलांडताना मुलं नाक दाबतात. दाबू दे. गेल्या काही वर्षांत नदीच्या काही भागाची साफसफाई झाली आहे, काठ बांधले गेले, झाडं लागली. तो भाग आणि त्यापलीकडचा भाग दोन्ही दाखवायचे. मेहमूद दरवाज्याच्या कमानीत वाहनांनी घासलेले दगड आहेत, त्यांच्यावरही बोट ठेवायचं.

भडकल गेटशी जरा बसायचं. मुघलांवरच्या विजयाची खूण म्हणून अंबरने हा १६१२ साली उभा केला, म्हणजे औरंगजेबाचा या शहराशी संबंध यायच्या कितीतरी आधी. अंबर कोण, हे सांगायला मला पाठ्यपुस्तकातल्या चार ओळी पुरत नाहीत. अ‍ॅबिसिनियात जन्मलेला, लहानपणी गुलाम म्हणून विकला गेलेला, हात बदलत-बदलत अहमदनगरला आलेला माणूस निजामशाहीचा वजीर होतो आणि दिल्लीला वीसेक वर्षं दख्खन सुखाने खाऊ देत नाही. जहांगीर त्याच्यावर इतका चिडलेला की अंबरच्या भाल्यावर रोवलेल्या मुंडक्यावर आपण बाण सोडतोय असं चित्रच दरबारातल्या अबुल हसनकडून काढून घेतलं. प्रत्यक्षात ते कधी जमलं नाही. अंबर १६२६ साली म्हातारा होऊन गेला, आणि खुलदाबादला त्याची कबर आहे. हे चित्र मी छापील प्रतीतून मुलांना दाखवते. मुलं हसतात. मग विचारते, बादशहाला एखाद्याचं मुंडकं चित्रात काढायची वेळ का येते? पुढची दहा मिनिटं मला बोलावं लागत नाही. त्याच अंबराच्या फौजेत मराठे सरदार होते, १६२४ ला भातवडीच्या लढाईत शहाजीराजे निजामशाहीच्या बाजूने लढले, आणि भोसल्यांचं वेरूळ इथून तीसेक किलोमीटरवर, हे एकदा जुळलं की मुलांच्या डोक्यात नकाशा तयार होतो. गेटसमोर बाबासाहेबांचा पुतळा आहे. १४ एप्रिलला इथं उभं राहायला जागा नसते. १९५० साली बाबासाहेबांनी मिलिंद महाविद्यालय याच शहरात का सुरू केलं, मराठवाड्यात तेव्हा कॉलेजं किती होती, हेही तिथंच सांगायचं. वेगळी सहल नको.

आता एक गोष्ट, जी ऐकून शिक्षकच जास्त चमकतात. १६६६ साली आग्र्याला जाताना शिवाजी महाराज या शहरात थांबले होते. मुघल सेवेतल्या भीमसेन सक्सेनाने याची हकिकत लिहून ठेवली आहे. तो स्वतः इथंच वाढलेला. इथला मुघल अधिकारी सफशिकन खान स्वतः सामोरा आला नाही, त्याने पुतण्याला पाठवलं. महाराज त्याच्याकडे वळलेही नाहीत, थेट मिर्झाराजे जयसिंगांच्या वाड्यात जाऊन उतरले. शेवटी खानालाच उठून भेटीला यावं लागलं. आग्र्याच्या दरबारात जे झालं त्याची पहिली फेरी इथं झाली होती! जयसिंगपुरा आजही त्याच नावाने आहे. आणि पुढच्याच वर्षी, १६६७ मध्ये, मुघलांशी झालेल्या तहानुसार औरंगजेबाचा मुलगा शहजादा मुअज्जम याच्या भेटीसाठी संभाजीराजे इथं आले, सोबत प्रतापराव गुजर आणि निराजी रावजी. राजांचं वय दहा वर्षं. २०२३ साली शहराला त्यांचं नाव अधिकृतपणे लागलं, पाट्या बदलल्या, तुमच्या शाळेच्या लेटरहेडवरही नाव बदललं. पण ज्याच्या नावाच्या शहरात आपण राहतो तो पाचवीतल्या पोराएवढा असताना मुघल छावणीत या वाटांवरून वावरला होता, हे तुमच्या शाळेतल्या किती मुलांना माहीत आहे? मला तरी आजवर भेटलेलं नाही असं मूल.

नावावरून आपल्याकडे आवाज चढतात, म्हणून तेही सांगून टाकते. आम्ही फेरीत खडकी म्हणतो, फतेहनगर म्हणतो, १६५३ नंतरचं औरंगाबाद म्हणतो आणि आजचं छत्रपती संभाजीनगर म्हणतो. ज्या काळाची गोष्ट त्या काळचं नाव. यावर आजवर रस्त्यात कुणी अडवलेलं नाही.

सिटी चौकापर्यंतची वाट वस्तीतून जाते, आणि खरा अडथळा तिथंच आहे. तुम्ही तो पत्रात लिहीत नाही, पण फोनवर सांगता : 'मॅडम, तिकडं नेलं तर पालक काय म्हणतील?' मागं एका शाळेचं सगळं ठरलं होतं, याद्या झाल्या होत्या, आणि आदल्या संध्याकाळी फोन आला, पालकांचा आग्रह आहे, रद्द करतोय. कुठली शाळा ते सांगणार नाही. त्या मुख्याध्यापकांची अडचण मला कळते. कधी दगडफेकीची बातमी येते, व्हॉट्सअ‍ॅपवर पाच वर्षांपूर्वीचा व्हिडिओ नव्याने फिरतो, आणि सिडकोतल्या आईच्या मनात जुनं शहर म्हणजे पोलिसांची गाडी एवढंच चित्र उरतं. तिला दोष देऊन काय उपयोग? ती कधी त्या गल्लीत गेलेलीच नाही. तिची मुलगी पण जाणार नाही. मग जुन्या बाजारातला सईद आणि सिडकोतली सायली एकाच शहरात वाढून एकमेकांना पहिल्यांदा भेटणार कुठं? पुण्याच्या एखाद्या कंपनीत, दोघं नोकरीला लागल्यावर.

प्रत्यक्षात काय होतं ते सांगते. गणवेशातली मुलं रांगेने चाललेली दिसली की दुकानाचं शटर वर करणारा माणूस थांबतो. 'बच्चे लोगां को कहां ले जा रै मॅडम?' पाणचक्कीपासून पैठण गेटपर्यंत, म्हटलं की त्यालाच आपल्या आजोबांची गोष्ट सांगायची असते. इथं कारंजा होता, इथून नहर जायची, आम्ही तोंडावरचा दगड सरकवून आत खडे टाकायचो. 'पानी पिलाके ले जाव,' म्हणून कुणी जार पुढं करतं. ही माणसं माझ्यापेक्षा चांगले गाईड आहेत. मी दोन मिनिटं बाजूला होते. मुलांना इतिहासाच्या सरांखेरीज इतिहास सांगणारं माणूस बहुधा पहिल्यांदाच भेटतं.

सिटी चौकातली मशीद, पुढं मछली खडक, कापडाची बंद दुकानं, मग गुलमंडी आणि सुपारी हनुमान. हे अंतर पायी काही मिनिटांचं. अजान आणि आरती दोन्ही ऐकू येतील इतक्या जवळ. यावर भाषण नको. मुलं चालतात तेवढं पुरे. वली आणि सिराज हे दख्खनी-उर्दूतले मोठे कवी याच शहराचे, १७६३ पर्यंत निजामाची राजधानी इथंच होती, मग हैदराबादला गेली, आणि १७ सप्टेंबर १९४८ ला निजामाचं राज्यच संपलं, ही माहिती चालता-चालता. गुलमंडीवर गरम पोहे आणि चहा. खर्च आपापला, आधीच सांगून ठेवा. नान-खलियाचा, म्हणजे इथल्या मटणाच्या रश्शाचा, विषय कुणीतरी काढतंच. ते ज्याचं त्याने घरच्यांसोबत.

टिळक पथावरून पैठण गेट. चार मुख्य दरवाज्यांतला हा दक्षिणेचा, पैठणच्या वाटेवरचा. भोवती मोबाइलची दुकानं, कपड्यांचे ढीग. तटबंदी औरंगजेबाने १६८२ च्या सुमारास बांधायला लावली ती मराठ्यांच्या स्वाऱ्यांच्या धास्तीने. भिंत पडली, दरवाजा उरला. तिथं फेरी संपते.

काही वर्षांपूर्वी स्मार्ट सिटीच्या पैशातून बऱ्याच दरवाज्यांची डागडुजी झाली, आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये डब्ल्यू-२०च्या, म्हणजे जी-२० मधल्या महिलांच्या गटाच्या, बैठकीला परदेशी पाहुण्या येणार म्हणून भिंती रंगल्या, दिवे लागले. पाहुणे येणार म्हटल्यावर आपण दिवाणखाना आवरतो तसं. बरं झालं, तक्रार नाही. पण दगडाला चुना लावून वारसा टिकत नाही. पुढं ज्यांच्या हातात शहर जाणार आहे त्यांनी तो एकदा तरी पायाखालून घातलेला असावा लागतो, आणि ते काम महापालिकेचं नाही, तुमचं आहे.

तुम्ही गाईड कुणालाही घ्या, आमचंच असं नाही. फक्त दोन गोष्टी तपासा. तो 'असं म्हणतात' आणि 'अशी नोंद आहे' यात फरक करतो का? आणि मुलाने 'कशावरून?' विचारलं तर चिडतो का? चिडणारा असेल तर त्याच्याकडे कितीही बिल्ले असोत, नको. मुलं घरी जाऊन सांगतात ती आपल्या तोंडची प्रत्येक थाप.

आता व्यवहाराचं. एका तुकडीत पंचवीसच्या वर मुलं नकोत. पन्नास असतील तर दोन दिवस काढा. पन्नास मुलांना गल्लीत गोष्ट ऐकू येत नाही आणि मला लाउडस्पीकर लावायचा नाही. सोबत दोन शिक्षक, त्यातल्या एक मॅडम. नोव्हेंबर ते फेब्रुवारी, शाळेच्या दिवशी सकाळी. शुक्रवार टाळू, दर्ग्यात आणि मशिदीत त्या दिवशी गर्दी असते. बस लागत नाही, शहर बसने पाणचक्कीच्या जवळ उतरता येतं. आम्ही पैसे घेत नाही, पाणचक्कीचं तिकीट असेल तेवढं शाळेने भरावं. मुलींच्या स्वच्छतागृहाचा प्रश्न खरा आहे आणि वाटेवर तो महापालिकेने सोडवलेला नाही. तोवर वाटेतल्या दोन शाळांशी आधी बोलून त्यांची स्वच्छतागृहं वापरायची, हे आम्ही ठरवून देऊ. वाहतूक पोलिसांना दोन दिवस आधी पत्र दिलेलं बरं. दरवाज्यांच्या कमानीतून एका वेळी एकच रांग, आणि तिथं फोटो नाहीत.

वेळ कुठून काढायचा, असं विचाराल. राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० मध्ये सहावी ते आठवीच्या मुलांसाठी दहा दप्तरमुक्त दिवस सांगितलेले आहेत. ते दिवस आपण कागदावर कसे भरतो हे तुम्हाला-मला माहीत आहे. त्यातला एक इथं खर्च करा.

फेरीनंतर प्रश्नपत्रिका देऊ नका, हात जोडून सांगते. 'मलिक अंबरचा मृत्यू कोणत्या साली झाला' हे विचारलंत की सगळं पाण्यात गेलं. विचारायचंच तर घरच्या नळाला पाणी कुठून, किती उंचीवरून, कोणकोणत्या टाक्यांतून येतं याचा नकाशा काढून आणायला सांगा. अर्ध्या पालकांनाही येणार नाही. त्यातून कुठल्या भागाला किती दिवसांनी पाणी येतं हे सगळ्या शाळांच्या नकाशांवर मिळून दिसलं, तर ते नकाशे मी स्वतः पाणीपुरवठा विभागात नेऊन देते.

मुलांच्या आधी तुम्ही या, अशी विनंती आहे. शाळेतल्या दोन-तीन शिक्षकांना घेऊन एका रविवारी सकाळी पावणेसातला पाणचक्कीच्या दारात भेटा. पालकसभेत 'मी स्वतः चालून आलोय' असं तुम्हाला म्हणता आलं, तर आदल्या संध्याकाळचा तो फोन येणार नाही.

आणि त्या दिवसापुरती पांढऱ्या बुटांची सक्ती नको. खामच्या काठाने जायचंय, आया मला नावं ठेवतील.

आपली नम्र,
जुन्या शहरातून माणसांना फिरवणारी एक निवृत्त शिक्षिका